खोलीची शांतता

ऑब्री ट्रँटर त्या सकाळी मरायला निघाला, तेव्हाही दुधाची रिकामी बाटली धुऊन पायरीवर ठेवण्यास तो विसरला नाही. मरणे हा त्याचा व्यवसाय होता, आणि व्यवसायासाठी घराबाहेर पडणाऱ्या मनुष्याने मागे पसारा ठेवू नये, अशी त्याची शिस्त होती. नोव्हेंबरचा महिना होता. लीड्सच्या त्या गल्लीत अजून दिवे जळत होते. कोपऱ्यावर कंपनीने पाठविलेली मोटार उभी होती, आणि तिच्याकडे पाहून ऑब्रीला जे समाधान वाटले ते चेहऱ्यावर उमटू न देण्याइतका तो कसलेला नट होता. इतकी वर्षे तो मरायला बसने गेला होता.

तो चरित्र अभिनेता होता. चित्रपटात आणि टेलिव्हिजनच्या मालिकांत त्याने खानसामे केले, पाद्री केले, बँकेतले कारकून आणि स्टेशनमास्तर केले. परंतु गेली पंचवीस वर्षे त्याला बोलावणे येई ते मुख्यतः मरण्यासाठी. शेरीतून विष घेऊन, पडद्याच्या दोरीने गळा आवळून, जिन्यावरून कोसळून, खाणीत गुदमरून तो मेला होता. मरण्यात त्याचा हात धरणारा साऱ्या इंग्लंडात कोणी नाही, असे त्या धंद्यातील माणसे म्हणत. मात्र त्याचे नाव कोणाला ठाऊक नव्हते. बसमध्ये एखादी बाई त्याच्याकडे टक लावून पाही व म्हणे, "तुम्हाला कुठंतरी पाहिलंय. थांबा, सांगू नका… आमचा बॉयलर दुरुस्त करायला आला होतात ना तुम्ही?" आणि ऑब्री "हो" म्हणे, कारण "नाही" म्हणणे फार लांबत गेले असते.

आता मात्र एकसष्टाव्या वर्षी नशिबाने त्याच्याकडे मान वळविली होती. सात भागांच्या मालिकेत तो वृद्ध गिरणीमालक झाला होता. शेवटच्या भागाच्या अखेरीस हा म्हातारा एकटा, कॅमेरा एकदाही न थांबता, सलग पाच मिनिटे मरणार होता. आणि नंतर काळ्या पडद्यावर एकच नाव येणार होते: ऑब्री ट्रँटर. या पाच मिनिटांसाठी तो पंचवीस वर्षे थांबला होता.

चित्रीकरण माळावरच्या एका जुन्या, बंद पडलेल्या क्षयरोग्यांच्या इस्पितळात चालले होते. आज तेथील अखेरचा दिवस. दुपारी चार वाजता इमारतीच्या किल्ल्या परत द्यावयाच्या होत्या. खोलीच्या खिडक्यांवर काळे कापड ठोकून भर सकाळी रात्र केली होती. जंतुनाशक कार्बोलिकचा वास भिंतींतून अजून गेला नव्हता. त्यात ओलसर चुन्याचा आणि दिव्यांवर जळणाऱ्या धुळीचा वास मिसळला होता.

नेपथ्याचे सामान सांभाळणारा आल्फ पलंगाजवळ गुडघे टेकून बसला होता.

"काय ऑब्री, आज कशानं? विष की जिना?"

"वयानं."

"अरे वा! म्हणजे बढतीच मिळाली म्हणायची." आल्फने पलंगाशेजारच्या लहान मेजावर काचेचा पेला ठेवला आणि त्याच्या तळाभोवती खडूने बारीक रेघ ओढली. "हात लावू नकोस हं. पाणी नाहीये ते, पारदर्शक राळ आहे. ओतली आणि घट्ट होऊ दिली. दिव्यांच्या उष्णतेनं खरं पाणी आटतं, पातळी बदलते, आणि मग क्रॉपरबाई माझा जीव खातात."

"आणि मला तहान लागली तर?"

"चावून खा!"

ज्यांच्या नावाने आल्फ हे बोलला त्या मिस एनिड क्रॉपर दारातच होत्या. एका दृश्याचा दुसऱ्याशी मेळ राखणे, कोणती वस्तू कोठे होती हे टिपून ठेवणे, हे त्यांचे काम. गळ्यात झटपट फोटो काढणारा कॅमेरा अडकवलेला, हातात टिपणांचे कागद लावलेली फळी. त्या म्हणाल्या, "मी कुणाचा जीव खात नाही, मिस्टर आल्फ. मला फक्त चुका दिसतात."

ऑब्री हसला. परंतु पेल्याकडे पाहणे त्याने टाळले. पलंगाशेजारी पाण्याचा पेला हवा, ही सूचना त्याचीच होती, आणि दिग्दर्शकाला ती फार आवडली होती. प्रत्येक मरणात तो काही ना काही असे मागून घेई. पेला कशासाठी, हे त्याने आजवर कोणास सांगितले नव्हते. ते आपण येथे सांगितले पाहिजे.

१९५९ सालच्या फेब्रुवारीत ऑब्री सॅल्फर्डमध्ये एका भाड्याच्या खोलीत राहत होता. त्याला टेलिव्हिजनवर पहिले बरे काम मिळाले होते: गुदमरून मरणारा खाणकामगार. त्या काळी नाटक थेट प्रक्षेपित होई. चुकले तर सर्वांदेखत चुके. तालमीत तो जो मेला, ते पाहून दिग्दर्शकाने साऱ्यांसमक्ष विचारले होते, "ट्रँटर, तू मेलास की डुलकी लागली?" तीन दिवस उरले होते, आणि दुसऱ्या नटाला निरोप गेल्याचे ऑब्रीच्या कानावर आले होते.

त्याच खोलीत त्याची बायको विनिफ्रेड अंथरुणाला खिळली होती. नाटक कंपन्यांचे कपडे शिवून तिने त्याला सहा वर्षे पोसले होते. छातीचे दुखणे होते. डॉक्टरांनी आशा सोडली होती, परंतु दिवस सांगितला नव्हता. दुपारी तीनच्या सुमारास तिने उजवा हात उचलून शेजारच्या पेल्याकडे नेला. "पा…" ती म्हणाली. बोटे पेल्याच्या कडेपर्यंत पोहोचली, घसरली, आणि त्यातली दोन बोटे, तर्जनी व मधले, रिकाम्या हवेत हळूच वळली, सुईत ओवलेला दोरा चाचपावा तशी.

ऑब्री उठला. पाणी देण्यासाठीच उठला. एवढे त्याच्या बाजूने म्हटले पाहिजे. त्याने पेला हातातही घेतला. मग त्याने तो परत मेजावर ठेवला, पूर्वीपेक्षा वीतभर लांब, आणि खुर्चीत बसून पुढे वाकला. ती बोटे त्याला आणखी एकदा पाहावयाची होती.

तिने पुन्हा हात नेला. त्याने पुन्हा पेला सरकविला. तिसऱ्या खेपेस तिने पेल्याकडे पाहिलेच नाही. तिने त्याच्याकडे पाहिले. "पा…" ती म्हणाली, आणि ओठ त्या अक्षरावर तसेच उघडे राहिले. श्वास आत गेला तो बाहेर आला नाही.

तीन दिवसांनी ऑब्री टेलिव्हिजनवर मेला. रडणाऱ्या प्रेक्षकांचे कचेरीत फोन आले. बिचाऱ्याने आपले दुःखच त्यात ओतले, असे सारे म्हणाले. तेव्हापासून त्याने जी जी मरणे केली ती सर्व मुळात एकच होती, आणि ते त्याचे नव्हते.

*

पहिला प्रयत्न साडेदहाला झाला. ऑब्री पलंगावर पडला. त्याच्या शेजारी एक लाकडी खुर्ची होती. म्हाताऱ्याच्या मुलीचे काम करणाऱ्या नटीचे दृश्य आदल्या दिवशीच उरकले होते, आणि दिग्दर्शक निकोलस फेन याला चौकटीत रिकामी खुर्चीच हवी होती. "म्हातारा एकटाच मरायला हवा, ऑब्री. शेजारी कुणी नाही, हे दिसलं पाहिजे." फेन एकतीस वर्षांचा होता व घरातही गळपट्टा काढीत नसे.

तीन मिनिटे छान गेली. मग कोपऱ्यातून ध्वनिमुद्रक गारसाइडने हात वर केला. तो मितभाषी, जाडजूड मनुष्य होता. कानांवर हेडफोन चढविलेले.

"थांबा. श्वास ऐकू येतोय कुणाचा तरी."

"मरणारा मी आहे, गारसाइड," ऑब्री पलंगावरून म्हणाला. "थोडाफार श्वास मला लागणारच."

सारे हसले. गारसाइड हसला नाही.

"तुमचा मी ओळखतो. हा दुसरा आहे. मायक्रोफोनच्या अगदी जवळ." तो थोडा घुटमळला. "आणि हा फक्त आत ओढतोय… सोडत नाहीये."

दुसऱ्या प्रयत्नातही तेच झाले. फेनने खोलीतील माणसे निम्म्यावर आणली. तिसऱ्यालाही तेच. मग गारसाइडने खोलीची शांतता मागितली.

या धंद्यात अशी एक रीत आहे. प्रत्येक खोलीची शांतता निराळी असते, आणि पुढे दृश्ये जोडताना ती तुकड्यांमध्ये भरावी लागते. म्हणून ध्वनिमुद्रकाने हाक दिली की लहानथोर सर्वांनी जेथल्या तेथे अर्धे मिनिट निश्चल उभे राहावयाचे. त्या वेळात दिग्दर्शकसुद्धा खोकत नाही.

"खोलीची शांतता," गारसाइड म्हणाला. "कुणी हलू नका."

सारे थिजले. दिव्यांची काच कोठेतरी बारीक तडतडली. ऑब्रीने पडल्या पडल्या श्वास रोखला आणि गारसाइडच्या तोंडाकडे पाहिले. त्या जाड, लाल तोंडावरून रंग हळूहळू उतरत गेला, भिंतीवरची ओल उन्हात आटावी तसा.

अर्धे मिनिट संपले. गारसाइड उठला, पलंगापाशी आला आणि त्याने हेडफोन ऑब्रीच्या कानांवर ठेवले. फीत मागे नेऊन सुरू केली.

प्रथम नुसती सूं ऐकू आली. मग एक श्वास आत गेला, लांब, खरखरीत, आणि आतच राहिला. आणि मग, कानाला लागूनच, बाईच्या आवाजात एकच अक्षर:

"पा…"

ऑब्रीने हेडफोन काढून परत दिले.

"नळ आहेत," तो म्हणाला. "जुन्या इमारतींत हवा अडकते नळांत."

"या इमारतीचं पाणी सहा वर्षांपूर्वी तोडलंय, मिस्टर ट्रँटर."

"मग वारा असेल. तुमच्या यंत्रापेक्षा माझे कान वयानं मोठे आहेत."

तोच मिस क्रॉपरचा आवाज चढला. त्यांच्या हातात नुकताच निघालेला, अजून ओला असा फोटो होता. "मिस्टर आल्फ! पेला कुणी हलवला?"

आल्फ धावत आला. खडूचे वर्तुळ रिकामे होते. पेला त्यापासून वीतभर दूर होता.

"देवाशप्पथ मी नाही, बाई."

"मग काय चालत गेला?"

"अहो, मी त्या बाजूला फिरकलोसुद्धा नाही! ऑब्री, तू कोपर मारलंस का रे?"

"मारलं असेन," ऑब्री म्हणाला.

आल्फने पेला परत वर्तुळात ठेवला. ठेवताना त्याने तो एकदा उलटा करून पाहिला. राळ काचेला घट्ट चिकटलेली होती.

*

दोन वाजले. जेवणासाठी आवारात उभ्या केलेल्या बसमध्ये मेंढीच्या मांसाचा रस्सा थिजत होता. ऑब्री एकटाच एका टोकाला बसला होता. फेन त्याच्यासमोर येऊन बसला आणि गळपट्ट्याचे टोक बोटांना गुंडाळू लागला. या हावभावाचा अर्थ ऑब्रीला ठाऊक होता. अशा बोटांनी त्याची पुष्कळ कामे कापली होती.

"ऑब्री, वेळ फार कमी आहे. मला वाटतं, आपण दारावर संपवू या."

"दारावर म्हणजे?"

"म्हाताऱ्याच्या खोलीचं बंद दार. डॉक्टर बाहेर येतो, 'गेले' म्हणतो. साधं, सुंदर. डॉक्टरचं काम करणारा पोरगा तयारच आहे."

"आणि मी?"

"तुम्ही… दाराच्या मागे."

पंचवीस वर्षे ऑब्री दारांच्या मागेच होता. त्याने चमचा खाली ठेवला. खरे सांगावयाचे तर तो घाबरला होता. सकाळपासून त्याचे पाय गार होते, आणि त्या खोलीत पुन्हा जाऊ नये, घरी जाऊन दार लावून घ्यावे, असे त्याला कळवळून वाटत होते. दारावर संपविले असते तर तो सुटला असता. परंतु ज्याने एकदा पेला सरकविला त्याचा हात तसाच वळतो. ऑब्रीने आपली भीती आतल्या आत चाचपून पाहिली, तिचे वजन घेतले: कोरडा घसा, जीभ टाळूला चिकटणारी, पोटात खोल एक गार गोळा. असले काही त्याच्यापाशी पूर्वी कधीच नव्हते. उपयोगी पडेल, असे ठरवून त्याने ती जपून ठेवली.

"एक प्रयत्न द्या मला," तो म्हणाला. "एकच. आवाजाचं काय असेल ते असू दे, नंतर पुसता येईल. पण माझी एक अट आहे."

"सांगा."

"मध्ये कुणी तोंड उघडायचं नाही. मी काहीही केलं, कितीही वाईट दिसलं, तरी जवळ यायचं नाही. पाच मिनिटं झाली तरी थांबवू नका. मला वाटेल तेव्हा मी संपेन."

फेनचे डोळे चमकले. तरुण दिग्दर्शकांना असे बोलणे फार आवडते. बसमधून उतरताच त्याने टाळी वाजवून सर्वांना गोळा केले. "ऐकलंत का रे सगळ्यांनी? मी 'कट' म्हणेपर्यंत कुणी बोट हलवायचं नाही. छत कोसळलं तरी नाही!"

"आणि मी म्हटलं तर?" आल्फने विचारले.

"तर उद्यापासून घरी बस."

*

तीन वाजून दहा मिनिटांनी कॅमेरा सुरू झाला.

पहिली दोन मिनिटे ऑब्रीने आपल्या हिशेबाप्रमाणे केली. डोळे छताकडे. श्वास आखूड, मग लांब, मग जिना चढताना अडखळावे तसा मध्येच थांबलेला. अंधारात, दिव्यांच्या पलीकडे, माणसे स्तब्ध झाल्याचे त्याला त्वचेवर जाणवले. प्रेक्षक मुठीत आला की असे जाणवते. आता पेल्याकडे मान वळवावयाची होती.

त्याने मान वळविली, आणि खुर्ची रिकामी नव्हती.

करड्या लोकरीच्या जाकिटातली एक बाई तीत बसली होती. जाकिटाच्या बाहीला टाचण्या टोचून ठेवलेल्या, शिवणकाम करणाऱ्या बायका ठेवतात तशा. हात मांडीवर. अंग पुढे झुकलेले, मान किंचित एका बाजूला कललेली. त्या बसण्याची ढब ऑब्रीने ताबडतोब ओळखली. ती त्याची स्वतःची होती. एका दुपारी, सॅल्फर्डला, तो असाच बसला होता.

"विनी," असे त्याला म्हणावयाचे होते. घशातून केवळ खरखर आली. कॅमेऱ्यामागे कोणीतरी हुंदका गिळला.

मग त्याला खरोखरीच तहान लागली. ही तहान नटाची नव्हती. जणू कोणी मूठभर राख गळ्यात कोंबून वर बोटाने दाबत होते. छातीत पट्टा आवळला गेला. त्याने हात उचलला. हात जड होता, परक्याचा असावा तसा. बोटे पेल्याच्या कडेला लागली.

पेला सरकला. आवाज न करता, लाकडावरून, वीतभर.

त्याने पुन्हा हात नेला. त्याची तर्जनी व मधले बोट रिकाम्या हवेत वळली. आज त्याने ती वळविली नव्हती. खुर्चीतल्या बाईने ती पाहिली, आणि मांडीवर ठेवलेल्या हाताची आपली दोन बोटे तिने तशीच, सावकाश, वळवून पाहिली. ओठही तिने त्याच्या ओठांबरोबर उघडले. ती घोकत होती.

ऑब्रीने दिव्यांकडे पाहिले. तेथे वीस-बावीस माणसे उभी होती. आल्फ टोपी छातीशी धरून रडत होता. त्याचे नाक वाहत होते. फेन तोंडावर गळपट्टा दाबून, डोळे विस्फारून उभा होता, आणि ऑब्रीने आजवर कोणत्याही तोंडावर इतके प्रेम पाहिले नव्हते. ऑब्रीने त्यांच्याकडे हात पसरला. बोटे हलवून बोलाविले. कोणीही हलले नाही. इतके चांगले तो कधीच मेला नव्हता.

"पा…" तो म्हणाला.

खुर्चीतली बाई थोडी आणखी पुढे वाकली. कार्बोलिकच्या वासातून तिच्या जाकिटाच्या लोकरीचा ओला वास आला. पंचवीस वर्षांपूर्वी जो शब्द अर्धा राहिला होता तो पाणी नव्हता, हे ऑब्रीला तेव्हा कळले. आजाऱ्याला धीर द्यावा तशा मृदू आवाजात, अगदी हळू, तिने तो पुरा केला.

"पाहतेय हं मी, ऑब्री… पाहतेय."

पाच मिनिटे झाली. सहा झाली. सातव्या मिनिटाच्या अखेरीस फेन कुजबुजला, "कट."

परंतु टाळ्या वाजण्यापूर्वीच, बावीस वर्षांच्या सवयीने, गारसाइडने हात वर केला होता. खोली परत द्यावयाची होती. पुन्हा संधी मिळणार नव्हती. पलंगाकडे त्याची पाठ होती.

"खोलीची शांतता," तो म्हणाला. "कुणी हलू नका."

कोणी हलले नाही. साऱ्यांनी आज्ञाधारकपणे श्वास रोखला. ऑब्रीनेही, त्याला दुसरे काही करताच येत नव्हते. त्याचे डोळे उघडे होते आणि त्याला सारे ऐकू येत होते. त्या अर्ध्या मिनिटात त्याच्या शेजारी, लाकडी मेजावरून, काचेचा पेला उचलला गेल्याचा आवाज झाला. मग कोणीतरी सावकाश, एक एक घोट, पाणी प्यायले. शेवटपर्यंत प्यायले. आणि पेला परत जागेवर ठेवला.

मग टाळ्या वाजल्या. त्या बराच वेळ वाजत राहिल्या. त्या थांबल्यावरही ऑब्री उठला नाही, तेव्हा आल्फ डोळे पुसत पुढे गेला आणि म्हणाला, "पुरे की रे आता, म्हाताऱ्या."

*

हृदय बंद पडले, असे डॉक्टरांनी लिहिले. गारसाइडने ती शेवटची फीत कोणास ऐकविली नाही, आणि पुढच्या महिन्यात तो एका शाळेत लाकूडकाम शिकविण्याच्या नोकरीवर गेला. पेला आल्फने खोक्यात भरण्यासाठी उचलला, तेव्हा तो खडूच्या वर्तुळात बरोबर मध्यभागी होता. त्यात राळ नव्हती. आतून तो ओला होता.

ते दृश्य फेनने वापरले. मृताचा सन्मान म्हणून वापरले, असे तो प्रत्येकास सांगे. सातही मिनिटे, कोठेही न कापता. अखेरीस काळ्या पडद्यावर ऑब्री ट्रँटर हे नाव एकटेच आले आणि पुरते दहा सेकंद राहिले.

प्रेक्षकांची पत्रे पोत्याने आली. त्यांना उत्तरे लिहिण्याचे काम मिस क्रॉपरकडे आले, कारण त्यांचे अक्षर चांगले होते. पहिल्या दिवशी त्यांनी तीस पत्रे वाचली व चहा न घेता घरी निघून गेल्या. म्हातारा छान मेला, असे पत्रांत म्हटले होते; पण बहुतेकांनी ते एका ओळीत उरकले होते. त्यांना विचारावयाचे होते ते निराळेच. खुर्चीत बसून इतक्या सुरेख रीतीने नुसते पाहणाऱ्या त्या बाई कोण? एक शब्द न बोलता त्यांनी सारे दृश्य खाऊन टाकले. त्यांचे नाव नटांच्या यादीत कसे नाही? चेहरा कोठेतरी पाहिल्यासारखा वाटतो.

मिस क्रॉपरपाशी त्या दुपारचे सर्व फोटो होते. प्रत्येकात खुर्ची रिकामी होती. पडद्यावरही त्यांना ती रिकामीच दिसली होती. म्हणून त्यांनी प्रत्येकास एकच उत्तर लिहिले: आपला काही गैरसमज झाला असावा.

एका पत्राला मात्र त्यांनी उत्तर दिले नाही. ते ब्रॅडफोर्डच्या एका सेवानिवृत्त शिक्षिकेचे होते. अक्षर काटेकोर, शाई निळी.

"महोदय," त्या बाईंनी लिहिले होते, "आपल्याकडे माहिती नसल्यास मी देऊ शकते. मिस्टर ट्रँटर यांची कामे मी पहिल्यापासून पाहत आले आहे. त्या बाई त्यांच्या प्रत्येक मरणात असतात. पूर्वी त्या फार मागे, दाराशी बसत. दर खेपेस खुर्ची थोडी पुढे येई. आता मिस्टर ट्रँटर राहिले नाहीत, तर त्यांना काम मिळेल की नाही अशी मला काळजी वाटत होती. परंतु काल रात्रीच्या बातम्यांत खाणीतील अपघाताचे वृत्त देत असताना, निवेदकाच्या मागे, मला त्या दिसल्या. बऱ्याच मागे आहेत अजून."